ज्या आवाजावर टाळ्या पडल्या

मी बी.ए. आहे. आमच्या घरात कॉलेजची पायरी चढलेली मी पहिली. हे मी लग्नाच्या स्टेजवरूनही सांगायची आणि इथेही आधीच सांगून टाकते. कारण पुढचं वाचून कोणी म्हणू नये की अडाणी बाई होती, तिला काय कळणार. मला सगळं कळत होतं. तरीसुद्धा वर्षभर मी माझा आजार माइकसमोर धरून गायले आणि लोकांनी त्याच्यावर टाळ्या वाजवल्या.

घशाचा कॅन्सर. नेमकं सांगायचं तर स्वरयंत्राचा. उपचार संपले, आता मी बरी आहे. ज्यांचा घसा आज बसलेला आहे, किंवा ज्यांच्या घरात असा घसा आहे, त्यांच्यासाठी लिहिते. धीर देण्यासाठी नाही. धीर देणाऱ्यांचा मला वीट आला आहे. जे झालं ते जसंच्या तसं सांगते. मध्ये थुंकी येईल, कफ येईल, रक्तही येईल. जेवताना वाचू नका.

*

आम्ही बुऱ्हाणपूरचे, बुधवाऱ्यात राहतो. माझे वडील पॉवरलूमवर माग चालवायचे आणि माय त्याच शेडमध्ये मागाला लागणाऱ्या सुताच्या कांड्या भरायची. मी बारावीत असताना वडील गेले. मायला अक्षरओळख नाही. तिने मला कॉलेजात घातलं आणि कॉलेजच्या गॅदरिंगने मला गाण्यात घातलं. कीबोर्ड वाजवणारा विलास तिथेच भेटला. त्याने दुसऱ्या वर्षाला कॉलेज सोडलं, मी पूर्ण केलं, मग आम्ही लग्न केलं. लोकांसमोर मी त्याला अहो म्हणते, घरात विलास.

आमची पार्टी हळदीची, मेहंदीची, वरातीची गाणी करायची. जसोंडीपासून रावेरपर्यंत कोणाकडे लग्न निघालं की आमची सुपारी ठरायची. सुपारी म्हणजे कार्यक्रमाचं बोलावणं. तेव्हा माझा आवाज स्वच्छ होता, पातळ होता, बरा होता. बरा म्हणजे तालुक्याला असे दहा आवाज असतात, तसा.

मग एका लग्नसराईत नऊ दिवस सलग गायले आणि घसा बसला. नेमकं दहाव्या दिवशी रेकॉर्डिंग होतं. दिनेशभाऊंचा स्टुडिओ मोबाइलच्या दुकानावरच्या खोलीत आहे, भिंतींना गाद्या ठोकलेल्या. तिथल्या तिथे गाणं करून ते यूट्यूबवर टाकतात. नणंद नव्या वहिनीला चिडवते, असं गाणं होतं.

मी म्हटलं, "भाऊ, आज राहू द्या. घसा पूर्ण फाटला आहे."

"एक ओळ तर गा. लेव्हल पाहू दे."

मी गायले. दिनेशभाऊंनी कानावरचे हेडफोन काढले, पुन्हा घातले. "असंच गा. बिलकुल असंच. मंगल, हे सोनं आहे, याला हात लावू नको."

त्या गाण्याने मला कुठल्या कुठे नेऊन ठेवलं. प्रत्येक डीजेवर तेच. शाळेच्या स्नेहसंमेलनात पोरी त्याच्यावर नाचल्या. दोन खानदेशी पिक्चरमध्ये कामं मिळाली. एकात वरमाईची भांडखोर बहीण, एकात फौजदारीण. डायरेक्टर तोंडावर म्हणाला, "ताई, चेहरा कोणाचाही चालला असता, आपल्याला हा आवाज पाहिजे." मला त्याचा राग यायला पाहिजे होता. मी खूश झाले. लोक मला खरखरवाली ताई म्हणायला लागले आणि मी ते नाव बॅनरवर छापून घेतलं.

*

आता जे सांगते ते आमच्या धंद्याबाहेरच्या माणसाला खरं वाटणार नाही.

विश्रांती मिळाली की घसा चार-पाच दिवसांत सुटायचा. सुटला की आम्ही घाबरायचो. कारण पब्लिकला सुटलेला घसा नको होता. म्हणून आम्ही घसा बसवायला लागलो. कार्यक्रमाच्या आदल्या दिवशी मी उशीत तोंड खुपसून ओरडायची. बर्फाचा गोळा खायची, वरून चिंच. आवाज तापवल्याशिवाय एकदम टिपेला जायची. माय ज्येष्ठमधाची काडी आणून द्यायची, ती मी खिडकीतून टाकून द्यायची. विलास समोर बसून ऐकायचा आणि सांगायचा, "अजून थोडा फाटू दे."

सहा-सात महिन्यांनी असं झालं की काही करावंच लागेना. चार दिवस गप्प बसले तरी खरखर तशीच. विलासने नारळ फोडला. म्हणाला, "बघ, आवाज पक्का झाला. आता तुला त्रास घ्यायचं काम नाही, देवानेच बसवून दिला."

आम्ही त्या दिवशी गोडाचं जेवलो. आज ते ताट आठवलं तरी तोंडाला पाणी सुटतं, भुकेचं नाही, ओकारीच्या आधी सुटतं ते.

पुढे एका मंगल कार्यालयात स्टेजवर जायच्या आधी मी बेसिनवर चूळ भरायला गेले. ते बेसिन तुम्ही पाहिलेलंच आहे, प्रत्येक कार्यालयात तेच असतं. कडेला भाताची शितं चिकटलेली, आणि पान खाणाऱ्यांच्या लाल पिचकाऱ्या सुकून थर झालेला. मी खाकरले आणि थुंकले. माझ्या थुंकीत लाल दोरा होता. तो त्या पिचकाऱ्यांवर जाऊन पडला आणि कुठलं पान आणि कुठलं माझं रक्त, ओळखू येईना. मी नळ सोडला. पदराने तोंड टिपलं. वर जाऊन अकरा गाणी गायले.

माय तेवढी मागे लागली होती. "तू बोलते तवा मागाचा पट्टा घासल्यावानी आवाज येते. पट्टा घासला का माग बंद करा लागते, बाई."

"तुला गाण्यातलं काय कळतं?" मी म्हटलं. बी.ए. झालेली मुलगी कांड्या भरणाऱ्या आईला असं म्हणाली.

*

पाणी गिळताना कानापर्यंत कळ जायला लागली तेव्हा इथल्या डॉक्टरांकडे गेले. त्यांनी घशात आरसा घातला आणि इंदूरला जा म्हणाले. इंदूरला नाकातून बारीक नळी घालून पाहिलं, तुकडा काढला, आठ दिवसांनी परत बोलावलं. त्या दिवशी आम्ही तिघं होतो, मी, विलास आणि माय.

डॉक्टर मॅडम इंदूरच्याच, मराठी बोलणाऱ्या. रिपोर्ट हातात होता, पण आधी त्यांनी विचारलं, "आवाज कधीपासून असा आहे?"

मी तोंड उघडायच्या आत विलास म्हणाला, "मॅडम, हा तर यांचा फेमस आवाज आहे. तुम्ही मोबाइलवर नाव टाकून बघा. पूर्ण खानदेशात चालतो."

मॅडमनी त्याच्याकडे पाहिलं. मग माझ्याकडे. "हा आवाज यांचा नाही," त्या म्हणाल्या. "हा गाठीचा आवाज आहे."

 मग त्या नेहमीचे प्रश्न विचारायला लागल्या.

"तंबाखू?"

"नाही," मी म्हटलं.

मागून माय म्हणाली, "मिसरी लावते ती. दिवसातून तीनदा."

"मिसरी म्हणजे तंबाखू नाही, माय. दाताला लावायची असते."

"भाजलेला तंबाखूच आहे तो," मॅडम शांतपणे म्हणाल्या आणि कागदावर लिहिलं. पदवीच्या आणि त्या कागदाच्या मध्ये मला कुठे तोंड लपवावं कळेना. मी विचारलं की कशाने झालं, मिसरीने की ओरडण्याने. त्या म्हणाल्या, तसं बोट ठेवून सांगता येत नाही. पण उशिरा आलात हे सांगता येतं.

"आवाज राहील का?"

"लाइट, म्हणजे रेडिएशन, दिल्यावर गाठ गेली, तर राहील. नाही गेली तर स्वरयंत्र काढावं लागेल. आणि राहिला तरी कोणता राहील, ते आज मला सांगता येणार नाही."

परत येताना गाडी असीरगढच्या पायथ्याला चहाला थांबली. शेजारी केळीचा ट्रक उभा होता आणि त्यात माझं गाणं चालू होतं. तीच खरखर. आतापर्यंत मी ती हजारदा ऐकली असेल. त्या दिवशी पहिल्यांदा मला ऐकू आलं की कोण गातं आहे. मी गाडीच्या मागे जाऊन ओकले. विलास पाण्याची बाटली घेऊन आला तेवढ्यात ट्रकवाल्याने ओळखलं. "ताई, एक सेल्फी द्या ना, घरचे पागल होतील." मी तोंड पुसलं आणि उभी राहिले. हसलेसुद्धा. तो फोटो कुठेतरी असेल. त्यात माझ्या हनुवटीवर काय लागलं आहे ते बघू नका.

*

पुढची गोष्ट मी आजवर कोणाला सांगितली नव्हती.

लाइट सुरू व्हायच्या तीन दिवस आधी दिनेशभाऊ घरी आले. डझनभर केळी आणि दराब्याचा, आमच्याकडच्या रव्याच्या मिठाईचा, डबा घेऊन. गिळता न येणाऱ्या बाईसाठी दराबा. बसले, रडले, खरं रडले. मग डोळे पुसून म्हणाले, "मंगल, सोमवारपासून हा आवाज जळणार ना? दोन गाणी तयार आहेत. चाल बसली आहे. आजच करून ठेवू. तुझी आठवण राहील लोकांना."

माय स्वयंपाकघरातून बाहेर आली. "भाऊ, तुम्ही चहा घ्या आणि निघा."

 मी म्हटलं, "चला."

मी गेले. गाठ आहे हे माहीत असून, कागद हातात असून गेले. गाद्या ठोकलेल्या त्या खोलीत उभं राहून दोन गाणी गायले. हेडफोनमध्ये गाठीचा आवाज येत होता आणि मनात विचार काय, तर आज खरखर कधी नाही इतकी चांगली लागली आहे. कॅन्सरची किळस सगळ्यांनाच येते. मला माझी आली, ती त्या तासाची.

*

लाइटचं सांगते, कारण जाणाऱ्याला त्याचीच भीती असते. लाइट दुखत नाही. आधी प्लास्टिकची जाळी गरम पाण्यात मऊ करून तोंडावर दाबतात. ती थंड झाली की तुमच्या तोंडाची होते. मग रोज ती घालून टेबलाला खटके लावतात. मान हलत नाही, ओठ हलत नाहीत. मशीन फिरतं, काही मिनिटांत संपतं. आठवड्याचे पाच दिवस, असे सात आठवडे. दुखायला लागतं ते तिसऱ्या आठवड्यापासून, बाहेर आल्यावर. घसा आतून सोलल्यासारखा होतो. थुंकी इतकी चिकट होते की बोटाने ओढून काढावी लागते, आणि ती संपतच नाही. आम्ही हॉस्पिटलजवळ एक खोली घेतली होती. तिथे माझ्या उशाला झाकणाचा डबा असायचा. माय तो रोज धुवायची. मला त्या डब्याकडे बघवायचं नाही. ती तो घासून उन्हात पालथा घालायची, भांड्यात भांडं असल्यासारखा.

मशीनवरचा टेक्निशियन भला माणूस होता. चौथ्या आठवड्यात एक दिवस खटके लावून झाल्यावर कानाशी येऊन म्हणाला, "मॅडम, आज आपके लिए सरप्राइज है," आणि बाहेर गेला. दार बंद झालं. वरच्या स्पीकरमधून गाणं सुरू झालं. माझंच, पण नणंदेचं नाही. नवीन. दिनेशभाऊंनी त्या दिवशी केलेलं. मी लाइट घेत असताना त्यांनी ते यूट्यूबवर सोडलंही होतं. मागून कळलं की वर लिहिलं होतं, मृत्यूशी झुंजणाऱ्या ताईचं शेवटचं गाणं.

टेबलाला बांधलेली मी आणि वरून ती गात होती. जिला जाळायला मी रोज येत होते ती, ठसक्यात, तालात. मला नको म्हणता येत नव्हतं. मान हलवता येत नव्हती. डोळ्यांतलं पाणी जाळीच्या आत कानांत जात होतं. गाणं साडेचार मिनिटांचं आहे, मशीन त्याच्या आधी थांबलं. तरी त्याने गाणं संपेपर्यंत दार उघडलं नाही. त्याला वाटलं, मी ऐकते आहे.

बाहेर येऊन मी पाटीवर लिहिलं, "फिर मत बजाना."

"सॉरी मॅडम, मुझे लगा आप खुश होंगी. बाहर सब पेशंट को भी सुनाया."

*

पाटी का, ते सांगायचं राहिलं. त्या आठवड्यांत बोलू नका असं सांगितलं होतं. घसाही बोलू देत नव्हता. म्हणून मी पाटी आणि खडू घेतला. विलास पार्टी चालवायला परत गेला होता, दुसरी गाणारी मुलगी घेऊन, शनिवारी-रविवारी यायचा. बाकी दिवस सोबत मायच. आणि मायला वाचता येत नाही.

पहिल्या दिवशी मी पाटीवर "पाणी" लिहून तिच्यापुढे धरलं. तिने पाटी उलटसुलट करून पाहिली आणि खाली ठेवली. माझं पंधरा वर्षांचं शिक्षण त्या पाटीवर होतं आणि एक घोट पाणी मिळत नव्हतं.

मग तिने हात वर केले. पॉवरलूमच्या शेडमध्ये इतका खडखडाट असतो की शेजारच्याचं बोललेलं ऐकू येत नाही. म्हणून तिथली माणसं हातांनी बोलतात. मूठ तोंडाकडे नेली की पाणी. दोन बोटं एकमेकांवर घासून सोडली की धागा तुटला. तळहात आडवा फिरवला की माग बंद कर. माय ही भाषा तीस वर्षं बोलली होती. कॉलेजात असताना ती मला रस्त्याच्या पलीकडून अशीच खुणा करायची, जेवलीस का, कधी येते. मैत्रिणी सोबत असल्या की मी दुसरीकडे बघायची. मला ती मागावरची बाई वाटायची.

तीन दिवसांत मी शिकले. धागा तुटला म्हणजे दुखतंय. किती धागे तुटले ते बोटांवर. ती त्याप्रमाणे औषध काढायची. एकदा मी दहाही बोटं दाखवली तर तोंडाने म्हणाली, "मंग ताणाच नवा घालू का?" ताणा म्हणजे मागावरचे सगळे उभे धागे. मला हसू आलं. हसल्याने जे दुखलं ते सांगत नाही.

लाइटच्या बाकावर खंडव्याचे एक काका रोज असायचे. बसचे रिटायर कंडक्टर. स्वरयंत्र काढलेलं, गळ्याला भोक, त्यावर रुमाल बांधलेला. आजार मानेत पुन्हा उठला होता, म्हणून आता लाइट. खोकला आला की रुमाल बाजूला करून भोकातून कफ पुसायचे. मला बघवायचं नाही. मी लांबच्या बाकावर बसायची. ते गाणं वाजलं त्या दिवशी मी पाण्याचा ग्लास घेऊन भिंतीला टेकून उभी होते, ठसका थांबत नव्हता. काका उठून आले. गळ्यात बसवलेल्या बटणावर बोट दाबून बोलले, दोन स्टेशनांच्या मधल्या रेडिओसारखं. "बेटी, गिलास से नहीं. चम्मच से. गर्दन नीचे करके." मी तसं केलं. पाणी गेलं. दोन आठवड्यांत पहिल्यांदा न टोचता गेलं.

"वो गाना आपका है?" त्यांनी विचारलं. मी हो म्हणून मान हलवली.

"मैं भी चिल्लाता था. खंडवा, खंडवा, खंडवा." आणि ते हसले. हसू गळ्यातून फुसफुसत बाहेर आलं. मला माझ्या लांबच्या बाकाची लाज वाटली. तेव्हापासून मी त्यांच्या शेजारी बसले. काहीही दिव्य वाटलं नाही. कफ कफच असतो. पण त्यांचा रुमाल सुटला की मी बांधून द्यायची.

*

उपचार संपले. गाठ गेली. पुढे तपासण्या चालूच राहतील.

घरी आल्यावर कळलं की बुधवाऱ्यात माझं निदान कधीच होऊन गेलं होतं. गाणाऱ्या बाया सिगारेटी ओढतात, रात्रीबेरात्री फिरतात, होणारच. समोरची बाई खिचडीचा डबा घेऊन आली आणि डबा परत नेताना दोन बोटांनी धरून नेला, दारातच त्यावर पाणी ओतलं. एका चॅनेलवाल्याने मला मारूनही टाकलं होतं. फोटोला हार, खाली माझंच गाणं. त्याला विलासने फोन केला तर म्हणाला, "भाऊ, व्ह्यूज चांगले आलेत, ताईंना फायदाच होईल."

दीड-दोन महिन्यांनी मॅडमनी गायला परवानगी दिली. मी घरात, माय समोर असताना, एक साधी ओवी गायले. आवाज निघाला. पातळ, कोरडा, छोटा. वर गेला की सरकायचा. पण खरखर नव्हती. कॉलेजात होता त्याच्या जवळचा आवाज, थोडा वय झालेला.

माय म्हणाली, "पट्टा बसला जागेवर."

विलास कीबोर्डवर हात ठेवून बसला होता. म्हणाला, "पातळ झाला गं."

तो वाईट माणूस नाही. सात आठवडे दर शनिवारी ये-जा करत होता, माझी ओकारी धुतली आहे त्याने. पण त्या एका वाक्याने जे झालं ते लाइटने झालं नव्हतं.

तुमच्या घरातला कोणाचा आवाज तीन आठवड्यांत सुटला नाही, तर दाखवा. गोड वाटत असला तरी दाखवा. कोणी त्याचं कौतुक करत असेल तर आधी दाखवा. मिसरी हा तंबाखू आहे, हेही लिहून ठेवते, माझ्यासारख्या शिकलेल्यांसाठी.

*

परत आल्यावरचं पहिलं बोलावणं जसोंडीचं होतं. हळद, दिवसाची, मंडपात. मुलीकडच्यांनी मुद्दाम मला मागितलं होतं.

आदल्या दिवशी विलास म्हणाला, "प्लस ट्रॅक लावतो. तू फक्त तोंड हलव."

प्लस म्हणजे आवाजासकट रेकॉर्ड केलेलं गाणं. मायनस म्हणजे नुसतं संगीत, त्यावर आपण गायचं. तोंड हलवणं आमच्याकडे चोरी नाही, घसा बसला की सगळे करतात. मीही केलं आहे.

"कोणतं?"

"नणंदेचं. आणि ते दोन नवीन. पब्लिक तेच मागून राहिली."

"म्हणजे गाठ गाईल आणि मी तिच्यासाठी तोंड हलवीन."

"असं नको बोलू."

"मग कसं बोलू? तूच सांग, विलास, जी माझ्या घशातून जाळून काढली, तिला मी परत तोंडात घेऊ?"

"एकदा लोकांनी हा आवाज ऐकला की पुढच्या लग्नाला कोणी बोलावणार नाही, मंगल. मग काय करशील?" तो ओरडला नाही. त्याला खरंच भीती वाटत होती. मलाही वाटत होती. गाण्याशिवाय मला येतं काय? बी.ए.चा कागद आहे, भिंतीवर.

आम्ही काही न ठरवता झोपलो.

मंडपात नवरी पाटावर बसली होती, बाया हळद घेऊन गोळा झाल्या होत्या. मागे पोरं मोबाइल वर धरून. मी माइक हातात घेतला, विलासकडे पाहिलं. त्याने माझ्याकडे पाहिलं नाही आणि बटण दाबलं.

प्लस होता. स्पीकरच्या मोठ्या डब्यांतून खरखर आली आणि पोरांनी शिट्ट्या मारल्या. मी तोंड मिटून उभी राहिले. एक ओळ गेली, दुसरी गेली. पुढच्या बायांनी माझ्या तोंडाकडे बघून एकमेकींना कोपर मारलं. मी चालत विलासपाशी गेले आणि त्याच्या लॅपटॉपवरचं बटण दाबलं. गाणं थांबलं.

माइकमध्ये म्हटलं, "हा जो आवाज तुम्ही ऐकला, तो माझा नव्हता. माझ्या घशात कॅन्सरची गाठ होती, ती गात होती. ती गेली. आता जो उरला आहे, त्यात गाते."

 मागून एका पोराने म्हटलं, "ताई, ओरिजिनल लगाओ ना."

"हेच ओरिजिनल आहे," मी म्हटलं.

नवरीजवळची एक म्हातारी हातातली हळदीची वाटी दाखवत म्हणाली, "मंग गाय ना बाई. हळद वाळू राहिली."

मी गायला लागले, बिनसंगीताचं. पहिली ओळ निघाली. दुसरी वर जाते, तिथे आवाज सरकला आणि तुटला. स्पीकरवर ते सगळ्यांना ऐकू गेलं. मागच्या पोरांपैकी काही जण मोबाइल खिशात घालून मंडपाबाहेर गेले. बाया तशाच बसून होत्या. मी थांबले. आता परत कुठून धरावं कळेना.

बाजूला खुर्ची सरकली. विलास लॅपटॉप सोडून कीबोर्डपाशी आला होता. माझी जुनी पट्टी काळी चार. त्याने माझ्याकडे न बघता ती आताच्या आवाजाला झेपेल अशी खाली, काळी दोनवर उतरवली, पहिल्या ओळीचा सूर दाबून धरला, आणि तसाच धरून बसला, मी घेईपर्यंत.

मी घेतला.